घरचा सामना आम्हाला परत द्या: आशियाई फुटबॉल महासंघाला खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष आणि कार्यकारी समितीचे सर्व सदस्य,
आशियाई फुटबॉल महासंघ (एएफसी), क्वालालंपूर

महोदय,

३ मे २०२५ रोजी आपल्या चॅम्पियन्स लीग एलिटचा अंतिम सामना जेद्दामध्ये झाला. एका बाजूला आमचा जपानी क्लब कावासाकी फ्रोंताले, दुसऱ्या बाजूला सौदी अरेबियाचा अल-अहली. अल-अहली हा जेद्दाचाच क्लब. मध्यंतराआधीच गॅलेनो आणि केसी यांनी एकेक गोल केला आणि सामना २-० असाच संपला. आम्ही हरलो याची तक्रार करायला मी बसलेलो नाही. अल-अहली त्या दिवशी सरस होते, हे तोदोरोकी या आमच्या मैदानावरचा शेंबडा पोरगाही कबूल करेल. तो सामना कुठे, कसा आणि कोणाच्या सोयीने झाला, यावर मला बोलायचे आहे. त्यासाठी त्या मैदानावर नसलेल्या एका माणसाची गोष्ट आधी सांगावी लागेल. त्याचे नाव केन्गो नाकामुरा. फ्रोंतालेचा हा खेळाडू २०२० च्या हंगामानंतर निवृत्त झाला.

मी मूळचा कोल्हापूरचा. नोकरीनिमित्त जपानला आलो आणि कावासाकीच्या नाकाहारा वॉर्डात संसार थाटला. तोदोरोकी स्टेडियम याच वॉर्डात आहे. आमच्या कोल्हापुरात फुटबॉल तालमींचा आणि पेठांचा. शाहू स्टेडियमवर पाटाकडील विरुद्ध दिलबहार सामना असला की शहराचा अर्धा कारभार थंडावतो, आणि आपल्या पेठेचा संघ सोडून दुसरीकडे गेलेल्या पोराचा उद्धार चहाच्या गाड्यावर पुढचा हंगामभर चालतो. त्यामुळे एकाच क्लबात अठरा हंगाम काढलेला खेळाडू म्हणजे काय चीज असते, हे मला कोणी समजावून सांगावे लागले नाही. आपल्या कार्यालयात मराठी वाचणारे कोणी नसेल, हे मी गृहीत धरले आहे. तरी हे पत्र मराठीतच लिहितो, कारण आपल्या निर्णयांची झळ कोल्हापूर-गोव्यातल्या माणसालाही बसते आणि त्याच्यापर्यंत हे पोहोचायला हवे.

कावासाकी हे टोकियो आणि योकोहामा यांच्यामध्ये चेपलेले कारखान्यांचे शहर. इथे संघ यायचे, नाव कमवायचे आणि निघून जायचे. बेसबॉलचा ताइयो व्हेल्स १९७८ मध्ये योकोहामाला गेला. लोत्ते ओरायन्स १९९२ मध्ये चिबाला गेला. जे-लीग ही जपानची व्यावसायिक फुटबॉल लीग सुरू झाली तेव्हा १९९३ आणि १९९४ ची पहिली दोन विजेतेपदे वर्दी कावासाकीने मिळवली. २००१ मध्ये त्यांनीही टोकियोची वाट धरली. मागे उरला फ्रोंताले. १९५५ मध्ये फुजित्सू कंपनीचा संघ म्हणून सुरू झालेला, २००० मध्ये जेमतेम एक वर्ष पहिल्या श्रेणीत राहून पुन्हा खाली आलेला. तीनदा फसवणूक झालेल्या गावाने चौथ्यावर जीव का लावावा, हा साधा प्रश्न होता.

त्याच काळात, २००३ मध्ये, चुओ विद्यापीठातून बाहेर पडलेला एक किडकिडीत मुलगा या क्लबात आला. जन्म १९८० चा, टोकियोतल्या कोदाइराचा, वय बावीस. मोठ्या क्लबांनी त्याच्या दाराशी रांग लावली नव्हती. पहिल्याच हंगामात फ्रोंतालेची बढती एका गुणाने हुकली. पुढच्या वर्षी प्रशिक्षक ताकाशी सेकिझुका यांनी त्याला पुढून काढून मागे, बचावफळीच्या नाकासमोर खेळायला लावले. आमच्याकडे ज्याला ‘हाफ’ म्हणतात ती जागा. त्या एका बदलाने खेळाडू घडला आणि क्लबही. २००४ मध्ये फ्रोंतालेने दुसरी श्रेणी जिंकली आणि त्यानंतर ते कधीच खाली आले नाहीत.

त्याचा खेळ ज्यांनी पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. चेंडू अजून दहा-पंधरा पावले लांब असायचा, तेव्हाच याची मान डावी-उजवीकडे फिरून आलेली असायची. पहिल्या स्पर्शात अंग अर्धे वळायचे आणि दुसऱ्या स्पर्शाला चेंडू दोन बचावपटूंच्या मधल्या फटीतून निघून गेलेला असायचा. अंगापिंडाने दांडगा नाही, वेगाने थक्क करणारा नाही. पण समोरचा गडी पाय टाकायला यायचा तेव्हा चेंडू तिथे नसायचाच. पुढे धावायला जुनिन्यो होता. हा ब्राझिलियनही २००३ लाच आलेला आणि २०११ पर्यंत राहिलेला. २००७ मध्ये २२ गोल करून तो लीगचा सर्वाधिक गोल करणारा खेळाडू ठरला. परदेशी खेळाडूंवर माझा राग नाही, हे इथेच नोंदवून ठेवतो, कारण पुढे तो विषय येणार आहे.

मग सुरू झाली उपविजेतेपदांची माळ. लीगमध्ये २००६, २००८, २००९. लीग कपच्या अंतिम फेरीत २००७ आणि २००९. जपानभर या क्लबाची ओळखच झाली, रुपेरी पदके गोळा करणारे म्हणून. केन्गो राष्ट्रीय संघाकडून ६८ सामने खेळला, २०१० च्या विश्वचषकात पॅराग्वेविरुद्ध मैदानात उतरला, २०१४ च्या संघात त्याचे नाव आले नाही. या सगळ्यात क्लब सोडून जायला त्याला कारणे भरपूर होती. तो राहिला. १ जानेवारी २०१७ ला एम्परर्स कपची अंतिम फेरी काशिमाविरुद्ध जादा वेळेत गेली. त्याआधी काही दिवस, ३६ वर्षांच्या केन्गोला २०१६ चा लीगमधला सर्वोत्तम खेळाडू निवडले होते. त्या वयात तो मान कोणालाच मिळाला नव्हता. वैयक्तिक ट्रॉफी हातात, क्लबाची पाटी मात्र कोरी.

२ डिसेंबर २०१७. हंगामाचा शेवटचा दिवस. तोदोरोकीवर फ्रोंतालेने ओमियाला ५-० असे धुतले आणि तिकडे इवातामध्ये काशिमाचा सामना गोलशून्य बरोबरीत सुटला. गुण सारखे, गोलफरकावर विजेतेपद कावासाकीला. शेवटची शिटी झाली तेव्हा केन्गो गवतावर पालथा पडून रडत होता. खरी विजेतेपदाची ढाल काशिमाच्या सामन्याला नेलेली होती, कारण तोवर आघाडीवर तेच होते. मग आमच्या कर्णधाराने, कोबायाशीने, उंचावले काय, तर अंघोळीचे घमेले! सार्वजनिक स्नानगृहात पाणी घ्यायला असते तसले. हा क्लब असा आहे. स्नानगृहवाल्यांशी यांचे संधान, केळीवाल्यांशी यांचे संधान, आणि शहराच्या सगळ्या महापालिका शाळांत सहावीच्या मुलांना खेळाडूंच्या फोटोंची गणिताची सरावपुस्तिका. माझ्या मुलीलाही ती मिळाली. त्यातली उदाहरणे सोडवताना ती फुटबॉलबद्दल मला विचारायची आणि गणित बाजूला राहायचे. २०११ च्या त्सुनामीनंतर रिकुझेनताकाता इथल्या शाळांकडे शिकवण्याचे साहित्य उरले नव्हते, तेव्हा हीच पुस्तिका तिकडे गेली आणि त्या गावाशी क्लबाचे नाते जुळले ते आजतागायत आहे. या असल्या उपक्रमांत केन्गो पहिल्या रांगेत असायचा. स्टार खेळाडूने वेडेवाकडे पोशाख घालून लोकांत मिसळायचे ही रीत त्याने पाडली म्हणून ती पुढच्यांनी पाळली.

नोव्हेंबर २०१९ मध्ये, ३९ व्या वर्षी, त्याच्या डाव्या गुडघ्याचा लिगामेंट तुटला. लोक म्हणाले, संपले. ऑगस्ट २०२० मध्ये तो शिमिझुविरुद्ध बदली म्हणून उतरला आणि गोल करून मोकळा झाला. ३१ ऑक्टोबरला, चाळिसाव्या वाढदिवशी, एफसी टोकियोविरुद्ध त्याच्याच गोलने सामना जिंकला. दुसऱ्या दिवशी त्याने निवृत्ती जाहीर केली. त्या वर्षी फ्रोंतालेने लीग चार सामने राखून जिंकली, आणि १ जानेवारी २०२१ ला एम्परर्स कपही.

अध्यक्ष महोदय, हे सगळे आपल्याला का सांगतोय? कारण या कारकिर्दीत एकच खाना रिकामा राहिला, आणि तो आपल्या स्पर्धेचा. २००७ मध्ये फ्रोंताले प्रथमच आशियात खेळले. गटात इंडोनेशियाचा अरेमा मलंग होता, कोरियाचा होता, थायलंडचा होता. उपांत्यपूर्व फेरीत इराणच्या सेपाहानशी इस्फहानला ०-०, तोदोरोकीवर ०-०, आणि पेनल्टीवर हार. २००९ मध्ये पुन्हा उपांत्यपूर्व, या वेळी नागोयाकडून. २०१० मध्ये कोरियात सोंगनामविरुद्ध केन्गोचा जबडा मोडला, तो विश्वचषकाच्या तोंडावर. २०१४ मध्ये सोलच्या क्लबाशी दोन्ही सामने मिळून ४-४, पण प्रतिस्पर्ध्याच्या मैदानावरच्या गोलांच्या हिशोबात बाहेर. २०१७ मध्ये उरावाविरुद्ध घरी ३-१ जिंकून तिकडे ४-१ हरले. अठरा वर्षांत उपांत्यपूर्व फेरीच्या पुढे एक पाऊल पडले नाही.

पण त्यातला प्रत्येक धक्का लोकांनी डोळ्यांनी पाहिला. सेपाहान इथे आले. सोल इथे आले, उरावा इथे आले. माझी पहिली आणि सगळ्यांत मोठी तक्रार याच ठिकाणी आहे.

२०२४-२५ पासून आपण उपांत्यपूर्व फेरीपासूनचे सगळे सामने एकाच शहरात, एकेरी पद्धतीने खेळवायचे ठरवले. ते शहर जेद्दा. त्याच्या आधीच्या फेरीत, मार्च २०२५ मध्ये, शांघाय शेनहुआकडून पहिला सामना ०-१ हरून फ्रोंताले तोदोरोकीवर परतले आणि ४-० जिंकले. त्या दिवशी स्टेडियममधून घरी जाणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होते की यापुढे काहीही झाले तरी या मोसमात आशियाचा सामना या गवतावर होणार नाही. क्लब आपल्या इतिहासात प्रथमच उपांत्य फेरी गाठणार होता, प्रथमच अंतिम फेरी गाठणार होता, आणि त्यातला एकही क्षण त्याच्या गावाला मिळणार नव्हता. आम्ही ते मध्यरात्र उलटून गेल्यावर टीव्हीवर पाहिले. आठ संघांपैकी पूर्वेकडचे चार, म्हणजे आम्ही, योकोहामा, ग्वांगजू आणि थायलंडचा बुरीराम, विमानाने गेले. पश्चिमेकडच्या चौघांपैकी तीन सौदी अरेबियाचेच. त्यांतल्या एकाचे तर घरचे मैदान. ग्वांगजू ०-७ हरले, बुरीराम ०-३, योकोहामा १-४. हे संघ घरी जिंकलेच असते असे मी म्हणत नाही. २०२४ च्या अंतिम फेरीत योकोहामाने घरी २-१ जिंकून अल-ऐनमध्ये १-५ मार खाल्ला, तेव्हा दोन सामन्यांची पद्धत होतीच. पण तेव्हा योकोहामाच्या लोकांना एक रात्र मिळाली. ग्वांगजूच्या लोकांना काय मिळाले? सात गोलांच्या बातम्या.

त्रयस्थ मैदान त्रयस्थ असावे, एवढी साधी गोष्ट आहे. कोल्हापुरात लीगचे सगळे सामने एका मैदानावर होतात, पण ते मैदान कुठल्या एका तालमीचे नसते.

दुसरी तक्रार विश्रांतीची. ती थोडक्यात संपते, कारण कॅलेंडर उघडले की दिसते. अल-अहलीचा उपांत्यपूर्व सामना २६ एप्रिलला, उपांत्य २९ ला. फ्रोंतालेचा अल-सद्दशी उपांत्यपूर्व सामना २७ एप्रिलला, तोही जादा वेळेपर्यंत गेलेला, आणि उपांत्य ३० ला. ज्या संघाला प्रवास नव्हता त्यालाच एक दिवस जास्त विश्रांती मिळाली. सात दिवसांतला तिसरा सामना खेळणाऱ्या पायांना अंतिम सामन्यात पस्तिसाव्या मिनिटाला गोल बसला तर नवल ते काय? असे वेळापत्रक गावच्या जत्रेतल्या कुस्तीच्या फडातही कोणी लावत नाही. लावले तर पंचांना फेटा सावरत पळावे लागेल.

तिसरी तक्रार परदेशी खेळाडूंच्या नियमाची, आणि तिथे मला जरा रेंगाळायचे आहे.

२००९ पासून आपल्या स्पर्धेत तीन परदेशी आणि एक आशियाई असा नियम होता. २०२३-२४ मध्ये पाच आणि एक झाला. २०२४-२५ पासून मर्यादाच उठली. जे-लीगमध्ये सामन्याच्या यादीत पाचच परदेशी चालतात. म्हणजे जपानी क्लबाला मोकळीक मिळाली तरी ती वापरण्याजोगा संघ तो वर्षभर पोसू शकत नाही. दुसरीकडे सौदी अरेबियाच्या सार्वजनिक गुंतवणूक निधीने २०२३ मध्ये तिथल्या चार मोठ्या क्लबांचा ७५ टक्के हिस्सा घेतला. त्या चारांपैकी तीन क्लब २०२५ च्या उपांत्य फेरीत होते. उपांत्य फेरीतला चौथा संघ आमचा. त्या सामन्यात रोनाल्डो आणि माने खेळत असलेल्या अल-नस्रला फ्रोंतालेने ३-२ हरवले. इतो, ओझेकी आणि ३८ वर्षांचा इएनागा यांचे गोल. इएनागा हा केन्गोसोबत खेळलेला. कर्णधार वाकिझाका, कावासाकीच्याच युवा संघात वाढलेला, आणि २०२२ पासून पाठीवर १४ नंबर. केन्गोचा नंबर. त्या निकालाने आनंद झाला, पण एका निकालाने नियम योग्य ठरत नाही.

पैसा असणाऱ्याने चांगले खेळाडू आणू नयेत असे कोण म्हणेल? मी तेवढेच म्हणतो की पैसा जितका लांब जाऊ शकतो तितकी एका क्लबात मुरलेल्या माणसाचीही कुठेतरी किंमत लागली पाहिजे. युरोपच्या महासंघाने २५ जणांच्या यादीत आठ स्थानिक घडणीचे, त्यांतले चार त्याच क्लबात घडलेले, अशी अट घातली आहे. आपण तसे काही करायचे ठरवलेत तर एक विनंती आहे: ती व्याख्या जशीच्या तशी उचलू नका. तिच्यात १५ ते २१ या वयातली तीन वर्षे मोजतात. केन्गो नाकामुरा क्लबात आला बावीसाव्या वर्षी. म्हणजे १८ हंगाम, ३ लीग विजेतेपदे, एक मोडलेला जबडा आणि एक तुटलेला गुडघा क्लबाला देऊनही तो युरोपच्या कागदावर ‘क्लबात घडलेला’ ठरत नाही! जपानमध्ये आणि कोरियातही विद्यापीठातून येणारे खेळाडू खूप आहेत. मितोमा फ्रोंतालेच्या युवा संघातला, पण तोही मध्ये विद्यापीठात जाऊन आला. आपला नियम आपल्या मातीतला असू द्या.

मितोमाचे नाव निघाले म्हणून आणखी एक. तो गेला, तानाका गेला, मोरिता, हाताते, इताकुरा गेले. सगळे फ्रोंतालेतून युरोपात. जाणारच, आणि जायलाच हवे. त्याचा दोष मी आपल्याला देत नाही. पण जो जात नाही, म्हाताऱ्या आईवडिलांमुळे म्हणा, स्वभावामुळे म्हणा किंवा नुसता जीव लागला म्हणून म्हणा, त्याच्या गावात बाहेरचे जग येण्याचा एकच मार्ग आहे आणि तो आपली स्पर्धा. प्रीमियर लीगचा संघ कावासाकीला आला तर मैत्रीपूर्ण सामन्याला येणार, हात हलवून जाणार. खरे काही पणाला लावून इथे उतरायचे ते फक्त इस्फहान, सोल, शांघाय. जो घरी थांबला त्याच्या अंगणातला सर्वांत मोठा सामना आपण उचलून सुमारे साडेनऊ हजार किलोमीटरवर नेला आहे.

हे दुखणे एकट्या जपानचे नाही. नोव्हेंबर २०२३ मध्ये अल-हिलाल नवी मुंबईला मुंबई सिटीशी खेळायला आले. नेमार जखमी म्हणून आला नाही, तरी लोक आले. ऑक्टोबर २०२५ मध्ये एफसी गोवाने फातोर्ड्यावर अल-नस्रविरुद्ध १-२ अशी झुंज दिली. रोनाल्डो आला नाही, पण ब्रायसन फर्नांडिसने गोल केला तो गोव्याच्या पोराने गोव्याच्या मैदानावर केला. हे दोन सामने झाले ते केवळ घरी आणि बाहेर अशी पद्धत गटात शिल्लक आहे म्हणून. उद्या आपण सोयीच्या नावाखाली गटसामनेही एका ठिकाणी बांधले, जसे २०२१ आणि २०२२ मध्ये साथीच्या काळात बांधले होते, तर फातोर्ड्याच्या वाट्याला पुन्हा टीव्हीच. तेव्हा नाइलाज होता. आज कसला आहे?

आपली बाजूही मला माहीत आहे. एका शहरात आठ संघ आणले की प्रवास वाचतो, प्रक्षेपण सोपे होते, यजमान पैसे ओततो, बक्षिसाची रक्कम वाढते. आशियाचा पसारा युरोपपेक्षा फार मोठा आहे आणि एप्रिलमध्ये जपानहून सौदीला दोनदा जाणे-येणे खेळाडूला सोपे नाही. मान्य. पण मग पूर्व आणि पश्चिम विभाग अंतिम फेरीपर्यंत वेगळे ठेवण्याची पद्धत आपणच २०१४ पासून चालवली होती. तिच्यात प्रवासही कमी होता आणि घरचे सामनेही होते. ती मोडायला कोणते कारण पुरले?

माझ्या मागण्या अशा आहेत.

उपांत्यपूर्व आणि उपांत्य फेरी पुन्हा घरी आणि बाहेर अशा दोन सामन्यांची करा. प्रवासाची अडचण असेल तर या फेऱ्यांत पूर्व आणि पश्चिम वेगळे ठेवा.

अंतिम सामना एकच ठेवायचा असेल तर ठेवा, पण तो आळीपाळीने पूर्वेला आणि पश्चिमेला फिरू द्या. पोहोचलेल्या क्लबाचे स्वतःचे शहर निघाले तर सामना दुसऱ्या शहरात हलवायची तरतूद नियमातच लिहा, आयत्या वेळच्या मर्जीवर सोडू नका.

बाद फेरीत दोन्ही संघांना विश्रांतीचे दिवस समान द्या. या मागणीला एक पैसाही लागत नाही, तेव्हा निदान ही तरी येत्या हंगामापासून अमलात यावी.

सामन्याच्या यादीत त्या क्लबात घडलेल्या किंवा सलग पाच हंगाम काढलेल्या खेळाडूंची किमान संख्या ठरवा. ती चार असावी असे माझे मत. परदेशी खेळाडूही त्यात मोजा. जुनिन्योसारखा माणूस आठ-नऊ वर्षे राहिला तर तो त्या गावचाच झाला.

आणि हे निर्णय घेताना सदस्य क्लबांच्या समर्थक संघटनांना लेखी मत मांडायची संधी द्या, आणि आलेली मते प्रसिद्ध करा. जेद्दाचा निर्णय झाला तेव्हा आम्हाला कोणी विचारल्याचे माझ्या ऐकिवात नाही.

केन्गोला पुरस्कार द्या, सन्मानपत्र द्या, राजदूत नेमा, असे मी काहीही मागत नाही. तो क्लबासाठी आणि जपानच्या संघटनेसाठी काम करतो, मुलांना शिकवतो, टीव्हीवर सामन्यांचे विश्लेषण करतो. त्याचे बरे चालले आहे. मला वाकिझाकाची काळजी आहे. तो तिशीत आला आहे. १४ नंबर घालून त्याने आशियाची अंतिम फेरी खेळली, आणि तोदोरोकीत बसणाऱ्या माणसाला ती मैदानात बसून पाहता आली नाही. पुढच्या वेळी फ्रोंताले तिथवर पोहोचले तर निदान एक सामना त्याला इथे खेळायला मिळावा, एवढ्यासाठी हा खटाटोप.

या पत्राचे जपानी आणि इंग्रजी भाषांतर आपल्या कार्यालयाच्या पत्त्यावर टपालाने पाठवले आहे. उत्तराची अपेक्षा आहे, आणि ते आले तर इथेच जसेच्या तसे छापेन.

आपला,
तोदोरोकीच्या पूर्व गॅलरीतला एक कोल्हापूरकर
नाकाहारा, कावासाकी